बाभळीवरचा खंड्या

आज दसरा. सकाळीच शोभाताईनं फोनवर फोटो पाठवला, विजेच्या तारेवर बसलेल्या चासाचा. कुणी त्याला नीलकंठ म्हणतं, कुणी नीलपंख. आमच्या केदारखेड्यात तो चासच. दसऱ्याला तो दिसला की वर्ष बरं जातं. फोटो पाहिला आणि जुनंच काहीतरी टोचलं. याही वर्षी तीच पहिली.

लहानपणी सोनं लुटायला शिवारात जाताना आण्णांचा, म्हणजे वडिलांचा, नियम असे. चास ज्याला आधी दिसेल, आपट्याचं पहिलं पान त्याच्या हातात. दरवर्षी ते ताईलाच मिळायचं आणि मी जळायचे. एका दसऱ्याला मी नदीकाठच्या बाभळीकडे बोट केलं. "आण्णा, तिथं चास बसून राह्यला बघा."

फांदीवर खंड्या होता. पाठ निळी, पण चोच लांब आणि लालभडक. मला चांगलं ठाऊक होतं. आण्णांना लांबचं धड दिसत नसे. त्यांनी टोपी सारखी करून हात जोडले.

"शोभे, चासच हाय ना?"

ताईनं खंड्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"हाव आण्णा, चासच हाय."

जाडसर पान माझ्या तळहातावर आलं. आण्णा गेले तरी तिनं हे कुणाला सांगितलं नाही. तिच्या जागी मी असते, तर घरी पोचायच्या आत गावभर केलं असतं.

पहिल्या पानासाठी मी तिच्यावर जळायचे, ते पोरपण होतं. त्या एका 'हाव'साठी मात्र अजून जळते.