अण्णांनी थिएटरात पाहिलेला माझा कापलेला सीन

मी फिजिक्स शिकलेली बाई. तिठ्यावर उतरवून टाकलेला नारळ दिसला तर सरळ ओलांडून जाणारी. असल्या गोष्टींवर माझा विश्वास कधीच नव्हता... पण हे माझ्याच घरच्या माणसासोबत, रत्नागिरीत, भरदिवसा घडलंय, म्हणून लिहिते.

मी मुंबईत अभिनयाची छोटी कामं करते. मध्यंतरी एका सायन्स फिक्शन हॉरर सिनेमाच्या दुसऱ्या भागात रोल मिळाला. समुद्राखालची लॅब, मी तिथली टेक्निशियन, बाहेर पाण्यात एक भयानक प्राणी. बाकीच्यांना वाचवण्यासाठी दार आतून लावून घेते आणि मरते. सीन एकच, पण जबरदस्त! शूटिंगमध्ये पत्र्याच्या दाराने माझा तळवा खरोखर कापला. मी थांबले नाही, तोच हात काचेवर टेकवला. काचेमागे नुसता हिरवा पडदा. "पलीकडून तो प्राणीपण हात टेकवतोय असं समज," डायरेक्टर माझ्या कानात म्हणाला होता. घरी यातलं काहीच सांगितलं नव्हतं.

रिलीजच्या तोंडावर एडिटरचा फोन – सिनेमा लांबला, काही सीन कापले. त्यात माझाही.

माझे वडील, अण्णा, मूळचे आंजर्ल्याचे, जन्मभर बोटीवर नोकरी केलेले. त्यांनी बजावलं होतं, "ह्या सिनेमात काय करतेस ते बघतो. नायतर परत ये नि शाळेत नोकरी धर." सीन कापल्याचं तोंडावर सांगायचं ठरवून मी घरी आले, तर अण्णा दुपारच्या शोला गेलेले. एकटेच.

परतले ते ओटीवर टेकले. म्हणाले, "काम चांगलं केलंस गो."

वाटलं, माझं मन राखतायत. "अण्णा, मी त्यात नाहीच आहे. सीन कापलाय माझा."

"मग मी काय झोपलेलो? दार लावलंस, काचेवर हात ठेवलास. रक्त लागलं काचेला. पलीकडे काळं पाणी... त्यातून तेनं पण हात टेकला, बरोब्बर तुझ्या हातावर."

माझ्या अंगावर सर्रकन काटा आला.

पण मी गप्प बसणाऱ्यातली नाही. दुसऱ्या दिवशी त्यांना घेऊन त्याच थिएटरात, त्याच शोला गेले. सीन नव्हता. मग एडिटरच्या इतकी मागे लागले, की त्याने वैतागून फोनवर कच्ची क्लिप पाठवली. "बघ, मागे हिरवा पडदाच आहे. पाणी कुणी बनवलंच नाही. तुझ्या वडलांचा डोळा लागला असेल."

क्लिप अण्णांनाही दाखवली. "हा नव्हे," ते ठामपणे म्हणाले. "ह्यात मागे फडका आहे."

शाळेचा विषय त्यांनी पुन्हा काढला नाही. मीही मुंबई सोडली नाही, सोडणार नाही. पण त्या दुपारचं स्पष्टीकरण मला आजही सापडलेलं नाही.

मुंबईला परत निघताना मी विचारलं होतं, "अण्णा, भीती नाही वाटली?"

"वाटली तर! उठून ओरडणार होतो, दार उघड गो म्हणून. बाजूच्या माणसानं हात धरून खाली बसवलं. तो पण रडत होता."

त्या माणसाला मी शोधतेय. तुम्हीच असाल, तर कृपया इथे लिहा.