तहानलेला सैनिक

नाव : निकानोर बारेइरो. राहणार : लुके, पाराग्वे. वय : चौसष्ट. व्यवसाय : ऐतिहासिक माहितीपटांचे दिग्दर्शन व निर्मिती, एकूण माहितीपट सात. पारितोषिके : निरंक. दृष्टी : उत्तम, विशेषतः दुसऱ्यांच्या चुकांबाबत.

ही दृष्टी परजूनच तो सुल्माचा पाराग्वे-बोलिव्हियातल्या चाको युद्धावरचा माहितीपट बघायला गेला. सुल्मा एकेकाळी त्याच्या हाताखाली दिव्यांच्या वायरी गुंडाळायची. आता महोत्सवाच्या दारावर तिचं नाव हातभर अक्षरांत झळकत होतं. शेजारी मेहुणा सिंफोरियानो चिपा, म्हणजे चीजचा पाव, खात होता.

"एक चूक सापडू दे, सगळ्यांदेखत उभा राहून सांगतो."

"दाजी, आधी बसा तरी."

अर्ध्या तासात चूक सापडली. पडद्यावर खंदकात सैनिकांचा घोळका, तेरेरे नावाच्या गार चहानं भरलेलं शिंग हातोहात फिरतंय. एकाला वगळून ते पुढे जातं, आणि तो त्या शिंगाकडे असा बघतो की मागच्या रांगेत कुणीतरी हुंदका दिला. खाली अक्षरं : '१९३३. छायाचित्रकार अज्ञात.'

"दाजी, हा तर मी!"

तोच होता. साल १९८१, निकानोरच्या एका माहितीपटाचं चित्रीकरण, खंदक त्याच्याच परसातला. मिशी काढायला लावली म्हणून मेहुणा रुसला होता. पहिल्याच घोटानंतर शिंग परत करताना तो तोऱ्यात म्हणाला, "धन्यवाद." तेरेरे पिताना धन्यवाद म्हटलं की पुरे झालं, मग कुणी विचारत नाही. पाच मिनिटांत त्याच्या घशाला कोरड पडली, पण शब्द गेला तो गेला. उरलेलं रीळ निकानोरनं संग्रहालयाला दिलं. तिथल्या कारकुनानं त्यावर १९३३ लिहिलं. ते वाचून निकानोरला इतकं बरं वाटलं की त्यानं ते खोडायला लावलं नाही.

"उठा की आता," मेहुणा कुजबुजला. "बुडवा तिला."

"तिच्याआधी मी बुडेन, गाढवा."

खेळ संपल्यावर सुल्मा स्वतःच त्याच्यापाशी आली. "सर, तो तहानलेला सैनिक बघितलात? असा चेहरा नाटकानं येतो का हो? तुम्ही किती नट उन्हात बसवलेत, एकाला तरी जमलं?"

निकानोरनं तोंड उघडलं. तीस वर्षांचं सगळं जिभेवर आलं.

"धन्यवाद," तो म्हणाला.

छायाचित्रणाचं पारितोषिक अज्ञात छायाचित्रकाराला मिळालं. ते घ्यायला कुणी आलं नाही.