विलासचं एक मिनिट

विलास गेला तेव्हा मी भाईंदरच्या बाजारात भाजीवाल्याशी हिंदीत हुज्जत घालत होतो. फोन मंदावहिनींचा. "भावजी, हे गेले..." दम्याचा झटका, दुपारच्या चहाआधीच. मेथीची जुडी तिथेच टाकून मी शांती नगरला त्याच्या घरी कसा पोचलो, देव जाणे. तेराव्याला वहिनींनी मला बाजूला घेतलं. "यांचा आवाज असेल ना तुमच्याकडे? मला एकदा ऐकायचाय." आठ वर्षं मी त्याच्या डॉक्युमेंट्रींचं साउंड रेकॉर्डिंग केलं. असणारच, म्हणालो.

नव्हता. विलासचे विषयच जगावेगळे. मिठागरावर फिल्म काढली, तर तिथल्या म्हाताऱ्या बाईला हा विचारतो, "आजी, मीठ विरघळलं की जातं कुठं?" ती म्हणाली, "जातंय कुठं? पान्यातच हाय. चाख न् बघ." एवढ्यावर पठ्ठ्या आठवडाभर खूश! पण प्रश्न विचारणाऱ्याचा आवाज फिल्ममध्ये नको, हा त्याचा हट्ट. ते प्रश्न मीच कापायचो आणि मूळ टेपवर पुढचं रेकॉर्डिंग करायचो. मोबाईलमध्ये कुणाचा आवाज भरून ठेवायची आम्हाला कुठली सवय... इतक्या सफाईने मी त्याला काढून टाकलं होतं. कपाळ माझं!

फक्त एका प्रकारच्या टेप तो पुसू देत नसे. मुलाखत संपली की आम्ही मिनिटभर गप्प उभे राहून त्या जागेची शांतता वेगळ्या टेपवर रेकॉर्ड करतो. एडिटिंगमध्ये सांधे झाकायला ती लागते. "बोलणं परत मिळेल रे, ही शांतता नाही मिळणार," म्हणायचा. आणि नेमकी तीच हा बिघडवायचा! छातीत शिट्टी वाजायची, मी करवादायचो, तो ओशाळून हसायचा.

महिन्याभराने मिठागरावरच्या शांततेची टेप घेऊन वहिनींकडे गेलो. त्या त्याच्या खुर्चीत बसल्या. स्पीकरमधून आधी नुसता वारा... मग ती शिट्टी. बारीक, अडखळत चढणारी. वहिनींनी पदर तोंडाला लावला. "हेच हो... पंचवीस वर्षं उशाशी हेच होतं."

तेवढ्यात टेपवर माझाच आवाज आला. "विल्या, श्वास तरी बंद कर ना! एक मिनिट जमत नाही?"

हे मला आठवतच नव्हतं. मला मान वर करवेना. त्यापुढे टेपवर फक्त वारा आहे. माझं ऐकून त्याने श्वास रोखून धरलाय, अगदी शेवटपर्यंत.

मूळ टेप वहिनींकडे आहे, माझ्याकडे तिची कॉपी. रोज सकाळी हेडफोन लावून बसतो. वारा सुरू झाला की माझा धीर सुटतो आणि रिकाम्या खोलीत मी मोठ्याने म्हणतो, घे रे विल्या... घे श्वास. बिघडू दे टेप.