एकाच माणसाचे दोन जबाब

"तोंड आहे ना तुला? मग बोल की!"

रेंजरसाहेबांनी पुन्हा विचारलं. धाकलू ढेबे चावडीच्या पायरीखाली उभा होता. मान खाली, हात पोटाशी. प्रश्न साधा होता. जंगलाला आग तू लावलीस का? धाकलूने साहेबांकडे पाहिलं नाही, माझ्याकडेही नाही. त्याने वर, खांबाला टेकून बसलेल्या पाटलांकडे पाहिलं. पाटील अडकित्त्याने सुपारी कातरत होते.

"बघा," साहेब मला म्हणाले, "निर्दोष माणूस असा गप्प राहतो का? आणि तुमची संस्था याच्यासाठी भांडतेय!"

मी त्या वेळी भोरच्या एका सेवाभावी संस्थेचा पगारी कार्यकर्ता होतो. हिर्डोशीच्या वरच्या अंगाची गावं आणि वाड्या माझ्याकडे होत्या. अर्ज लिहून द्यायचे, औषधं पोचवायची, गरिबावर केस झाली तर सोबत उभं राहायचं, हे माझं काम. सगळं पायी. ज्या गावात हे घडलं त्याचं नाव लिहीत नाही. तशी गावं तिकडे पुष्कळ आहेत.

केस अशी होती. त्या उन्हाळ्यात राखीव जंगलाचा एक पट्टा जळाला. त्यात हिरड्याची झाडं गेली. हिरडा म्हणजे भोर संस्थानचं उत्पन्न, तेव्हा कोणीतरी गुन्हेगार सापडणं भाग होतं. गावाने धनगरवाड्याकडे बोट दाखवलं. पावसाळ्यात कोवळं गवत फुटावं म्हणून धनगर रान जाळतात, असं पूर्वापार बोललं जातं. धाकलूच्या म्हशी त्याच अंगाला चरत. दोष शाबीत झाला की त्याचा चराईचा पास रद्द. मग पावसाच्या आत झोपडी मोडून डोंगर सोडायचा. म्हशी घेऊन जायचं कुठे? खालच्या गावांना स्वतःच्या गुरांपुरतंही गवत होत नाही.

खरं काय घडलं ते मला आदल्या दिवशीच कळलं होतं. मी धाकलूच्या झोपडीवर गेलो होतो. तिथे हा गडी पलीकडच्या सोंडेवरच्या म्हशीला नुसत्या हाळीने वळवत होता. असा आवाज!

"आमी रान जाळू व्हय, मास्तर? म्हशी काय राख खात्यात?" तो म्हणाला. अर्ज लिहून देतो म्हणून मला सगळे मास्तर म्हणत. "पाटलाच्या वावरात राब भाजत हुते. वारं फिरलं. म्या कांबळं घिऊन इजवाया धावलो. ह्ये बगा हात!"

राब म्हणजे काय ते सांगतो. भात-नाचणीचं रोप टाकायच्या जागेवर पालापाचोळा, शेण, काटक्या पसरून पेटवतात. जमीन भाजते, तण मरतं. डोंगरात सगळेच हे करतात. वारा फिरला तर काय होतं, तेही सगळ्यांना माहीत असतं.

"उद्या चावडीत एवढंच सांग," मी म्हणालो.

"सांगतो की! भ्या हाय का कुनाचं?"

आणि आता तो मुका उभा होता. ऐकलेलं मी सांगून चाललं नसतं; जबाब त्याच्याच तोंडचा हवा होता. मी म्हणालो, "साहेब, त्याचे हात पाहा."

"आग लावणाऱ्याचेही हात भाजतात," साहेब म्हणाले.

मला राग आला. साहेबांचा आला, पाटलांचा आला, आणि खरं सांगतो, सगळ्यात जास्त धाकलूचा आला. मी पत्रकं वाचून वाढलेला माणूस. अन्याय दिसला की माझ्या तोंडून छापील वाक्यं निघतात. मी तिथेच उभा राहून हक्क, माणुसकी, गुलामी यांवर बोललो. गावाने मन लावून ऐकलं. एकाने मला पाणी आणून दिलं.

"भाषण झालं?" साहेबांनी विचारलं. "आता जबाब घेऊ."

धाकलूच्या तोंडून शेवटी एक वाक्य निघालं. "पाटील म्हनतील त्ये."

"मी काय म्हननार?" पाटील म्हणाले. "साहेब हायेत की."

साहेबांनी टाक उचलला. 'आरोपी निरुत्तर' एवढं लिहिलं की काम संपलं असतं.

"साहेब, जळालेल्या जागेचा पंचनामा बाकी आहे ना?" मी विचारलं.

"उद्या आहे. पाटील पंच आहेत."

"मग जबाब तिथेच घ्या. याच्या झोपडीवर."

"का? तिथे याला जीभ फुटणार आहे?"

"फुटेल कदाचित."

"जबाब चावडीवर घ्यायची रीत आहे."

"रीत आहे की नियम आहे?"

साहेब थांबले. माणूस तुसडा होता, पण सरळ होता. "रीत," ते म्हणाले आणि टाक खाली ठेवला.

मी धाकलूबरोबर डोंगर चढलो. वाटेत त्याच्याशी बोललो नाही. झोपडीशी पोचल्यावर त्याच्या बायकोजवळ, कोंडाबाईजवळ मात्र सगळं ओकलो. नवरा कसा गप्प राहिला, माझी कशी शोभा झाली, सगळं.

तिने ऐकून घेतलं. मग म्हणाली, "चावडीत माजा बा बी बोलला न्हाई, ह्यांचा बा बी न्हाई. पाटील बोलल्याबिगर डोंगरावल्यानं तोंड उगडायचं न्हाई, ह्ये पाळन्यापास्नं ठावं. तुमी एका दिसात काय मंतर घालनार हुता? तुमी तरी त्या सायबाम्होरं बसला हुता का हुबं हुता?"

मी उभा होतो. कोणी उभं राहा म्हटलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी पंचनामा झाला. जळका पट्टा पाटलांच्या वावरापासून वर गेलेला दिसत होता. पण पाटील म्हणाले, आग वरनं खाली आली असंल. साहेबांना नक्की सांगता येईना. ऊन डोक्यावर आलं. प्यायला पाणी फक्त धाकलूच्या झोपडीवर होतं. सगळे तिकडे वळलो.

कोंडाबाईने घोंगडी अंथरली. लोट्यातून ताक आलं. पाटील घोंगडीवर बसले, साहेब बसले, मी बसलो. समोर धाकलू मांडी घालून बसला. साहेबांनी बसल्या बसल्या सुरुवात केली, "हां, तर त्या दिवशी तू..."

पाटलांनी हात आडवा केला. "थांबा सायेब. घरधन्याला आदी बोलू द्या."

धनगरवाड्यात ही चाल आहे. घोंगडीवर बसला तो पाहुणा. घरधनी बोलल्याशिवाय पाहुण्याने विषय काढायचा नाही. पाटलांना ती चाल मोडायचं सुचलंही नाही. तेही लहानपणापासून या झोपड्यांवर ताक पीत आले होते.

धाकलूने सगळ्यांना ताक पिऊ दिलं. मग विचारलं, "पाटील, ताक बरं हाय न्हवं?"

"हाय."

"राब पेटवला त्या दिशी म्या वरनं हाळी दिली हुती, वारं फिरतंय म्हून. आयकू आली हुती का न्हाई?"

हाच तो आवाज. कालचा माणूस हाच का, अशा नजरेने साहेब पाहत राहिले.

पाटील लोट्यात बघत होते. लोटा खाली ठेवून म्हणाले, "आली हुती."

"मंग?"

"मंग काय? निम्मा राब पेटला हुता. इजवायचा कसा? वारं काय माज्या हुकमात हाय व्हय रं?"

"न्हाई. पन माज्या म्हशी बी हितंच ऱ्हात्यात."

मग पाटील साहेबांकडे वळले. "लिवा सायेब. राबाची आग. पन जानून न्हाई लावली."

उतरताना मी पाटलांना गाठलं. "हे काल का नाही सांगितलंत?"

"काल अख्खा गाव बसला हुता, मास्तर," ते म्हणाले. "तितं पाटलाला चुकायची सोय न्हाई."

रिपोर्टमध्ये राबाची आग वाऱ्याने पसरली असं गेलं. पाटलांना समज मिळाली. धाकलूचा पास राहिला. संस्थेत माझं कौतुक झालं, आणि मला वाटलं, एक माणूस तरी बोलता केला.

पुढच्या वर्षी साहेब बदलले. धाकलूच्या म्हशी बंदी घातलेल्या भागात शिरल्याची तक्रार आली. ती खोटी होती. चावडी भरली. धाकलू पायरीखाली जाऊन उभा राहिला आणि काही बोलला नाही. जबाब डोंगरावर घ्या, असं मी नव्या साहेबांना विनवलं. ते हसले. "प्रत्येक धनगरासाठी डोंगर चढत बसू का?" त्या खेपेला धाकलूच्या निम्म्या म्हशींची चराई बंद झाली. त्या त्याला विकाव्या लागल्या.

"अरे, का नाही बोललास?" मी विचारलं.

"तितं बोलवत न्हाई वो," तो म्हणाला. एवढंच.

आता संस्थान विलीन झालं आहे. साहेब पुन्हा बदलले, पायरी आहे तिथे आहे. तुम्ही समाजसेवेचं शिक्षण घेताय, उद्या केस-रिपोर्ट लिहाल. 'भित्रा', 'लबाड', 'काही सांगत नाही' हे शब्द फार चटकन सुचतात. ते लिहिण्याआधी एवढं लिहा की तो माणूस कुठे उभा होता, वर कोण बसलं होतं, आणि घर कोणाचं होतं. मग जमल्यास त्याच्या घरी जाऊन पुन्हा विचारा. चढ फार आहे, आणि वरिष्ठ सहसा सोबत येत नाहीत.