आप्पांच्या तळहातातल्या मुंग्या

आमच्या आप्पांची चप्पल हरवायची. एकच, दोन्ही कधी नाही. घरातून निघताना दोन पायांत दोन असायच्या आणि दुकानात पोचेपर्यंत एक उरायची. मग माझा नवरा रुद्रेश दुकानातून फोन करायचा, "जरा बघ गं, आप्पांची एक चप्पल वाटंत पडलीय का." मी गॅस बंद करायचे आणि येरमाळ्याच्या भर बाजारातून खाली मान घालून सासऱ्यांची चप्पल शोधत चालायचे. बघणाऱ्या बायका म्हणायच्या, शंभुलिंग आप्पांची सून किती गरीब, मान वर करून बघत नाही.

"पायातली चप्पल निघाली ते कळलं कसं नाही, आप्पा?" असं विचारलं की उत्तर ठरलेलं. "ध्यान न्हवतं, पोरी."

ध्यान कुठं होतं ते गावाला ठाऊक होतं. ते आप्पांच्या डाव्या तळहातात होतं.

आमचं दुकान दोरखंड, कासरे, घमेली, खोरी असल्या शेतीच्या सामानाचं. आप्पांचं उभं आयुष्य त्याच दुकानात गेलं. दोर डोळे मिटून हातातून सरकवला की सूत किती आणि नायलॉन किती हे ते सांगायचे, आणि ते कधी चुकायचं नाही. गेल्या काही वर्षांत मात्र ते दोर हातात घेऊन नुसते उभे राहायचे आणि रुद्रेशला विचारायचे, "ह्यो कुठला रं?" रुद्रेश म्हणायचा वय झालं. या घरात कशालाही वय झालं म्हटलं की विषय मिटतो.

पूजेत मात्र वय आडवं आलं नाही. आम्ही लिंगायत. गळ्यातल्या चांदीच्या डबीतलं इष्टलिंग काढायचं, डाव्या तळहातावर ठेवायचं, हात छातीसमोर धरायचा आणि टक लावून बघत बसायचं. मीही करते, पण माझी पूजा कुकरच्या दोन शिट्ट्यांच्या मध्ये बसते. आप्पांची निवांत चालायची. आधी ते बघत बसत, मग डोळे मिटत. आणि याच बसण्यात कधीतरी त्यांच्या तळहाताला मुंग्या यायला लागल्या.

हे त्यांनी पहिल्यांदा सांगितलं ते गौरीशंकर काकांना. काका त्यांचे लहानपणापासूनचे दोस्त, बाजारात कापडाचं दुकान, आणि ऐकलेली गोष्ट पोटात ठेवायची सवय नाही. "आप्पांच्या हातात लिंग जागं झालंय," असं त्यांनी गावभर केलं. मग माणसं यायला लागली. 'शरणार्थ' असा नमस्कार करून बसायची, आप्पा डावा हात त्यांच्या हातावर किंवा डोक्यावर ठेवायचे, आणि मी चहा करायचे. डी.एड. करून मी चहा करत होते. आलेल्यातल्या कुणालाच चहा नको नसायचा.

मला शहारा कळत नाही असं नाही. माझ्या सासूबाई लक्ष्मम्मा, त्यांना आम्ही अव्वा म्हणतो, रविवारी माझ्या केसांना तेल लावतात. त्यांची बोटं टाळूवर फिरली की मानेवरून पाठीत काहीतरी गोड उतरत जातं आणि डोळे आपोआप मिटतात. तरुणपणी आप्पांना पूजेत तसंच व्हायचं, हे अव्वांनीच मला सांगितलं होतं. त्याबद्दल माझं काही म्हणणं नव्हतं. पण असा शहारा येतो आणि जातो. आप्पांच्या मुंग्या जातच नव्हत्या. जेवताना होत्या, दुकानात होत्या, टीव्ही बघताना होत्या. सारखा तो तळहात चोळत बसायचे.

एकदा उकळता चहा भरलेला स्टीलचा पेला त्यांनी डाव्या हातात धरला आणि बोलत राहिले. मी ओरडले तोवर तळव्याला फोड आला होता. गौरीशंकर काका समोरच होते. ते म्हणाले, "बघा, शिवाला दिलेला हात. त्याला आग बी लागत न्हाय." अव्वांनी हात जोडले. मी हळद शोधत होते आणि माझ्या तोंडात शिव्या येत होत्या.

"डॉक्टरला दाखवू," मी म्हणाले. एकदा नाही, पन्नासदा म्हणाले. अव्वा म्हणायच्या, "तुला समद्यात रोगच दिसतो." रुद्रेश म्हणायचा, "त्यांना बरं वाटतंय ना? मग तुला काय त्रास?" आप्पा तर हसायचे फक्त. त्या हसण्याचा मला सगळ्यात जास्त राग यायचा.

मग श्रावणातला तो सोमवार आला. अव्वा येडेश्वरीच्या देवळात गेल्या होत्या, रुद्रेश दुकानात. आप्पा पूजेला बसले होते. मी बेलाची पानं घेऊन आत गेले. आप्पांचे डोळे मिटलेले, पाठ ताठ, हात छातीसमोर. चेहऱ्यावर असं समाधान की माझं पाऊल आपोआप हळू पडलं. पानं ठेवायला वाकले आणि माझी नजर त्यांच्या हातावर गेली.

तळहात रिकामा होता.

लिंग घरंगळून त्यांच्या मांडीवर, धोतराच्या घोळात पडलं होतं. ते कधी पडलं कुणास ठाऊक. आप्पा रिकामा हात समोर धरून ध्यान करत होते.

मी तशीच उभी राहिले. दुसऱ्याच्या लिंगाला हात लावता येत नाही. न सांगता निघून जावं, तर ते उठले की खाली जमिनीवर पडेल, आणि मग आप्पा अन्नाला शिवणार नाहीत. सांगावं, तर कोणत्या तोंडानं? शेवटी म्हणाले, "आप्पा, लिंग हातात नाही."

त्यांनी डोळे उघडले. तळहाताकडे बघितलं. बराच वेळ बघत राहिले. मग अगदी बारीक आवाजात म्हणाले, "मुंग्या तर हायत की गं."

दोन्ही हातांनी लिंग उचलून त्यांनी डोळ्यांना लावलं आणि डबीत ठेवलं. "कुणाला सांगू नगंस," ते म्हणाले. "तुज्या अव्वाला बी न्हाय."

"नाही सांगत," मी म्हणाले. "पण उद्या माझ्याबरोबर धाराशिवला चलायचं." मी म्हाताऱ्या माणसाला त्याच्या गुपितावर अडवून धरलं, आणि मला त्याची जराही लाज वाटली नाही.

घरात सांगितलं, साखर तपासून आणतो. एस.टी.त आप्पा खिडकीकडं तोंड करून बसले. दवाखान्यातली डॉक्टर वयानं माझ्याएवढीच बाई. तिनं आप्पांना डोळे मिटायला सांगितले, पायाचा अंगठा चिमटीत धरला आणि विचारलं, "आता अंगठा वर केला की खाली?" आप्पा म्हणाले, "वर." तिनं खाली केला होता. पुन्हा विचारलं, पुन्हा चुकलं. मग तिनं विचारलं, "मुंग्या डाव्याच हाताला येतात?"

आप्पांनी उजवा हात मांडीखाली सरकवला.

"उजव्याला?"

आप्पांनी मान खाली घातली.

"आणि पायांना?"

"पायाला आदी आल्या," आप्पा म्हणाले. "हाताला मागनं."

मला खुर्चीतून उठून ओरडावंसं वाटलं. इतकी वर्षं चपला मी गोळा केल्या होत्या. "मग बोलला का नाहीत, आप्पा?"

"काय बोलू?" त्यांनी माझ्याकडे पाहिलं. चिडलेच होते तेही. "देव पायात कसा यील? पायाचं सांगितलं असतं तर हाताचं कुणी खरं मानलं असतं का? म्या तरी मानलं असतं का?"

रक्त तपासलं. बी बारा नावाचं जीवनसत्त्व अगदी तळाला गेलं होतं. आप्पांनी दूध-ताक केव्हाच सोडलेलं, त्यात पित्ताची गोळी मनानंच वर्षानुवर्षं रोज सकाळी. शरीरातल्या नसा त्यानं कमकुवत होतात, डॉक्टरीण म्हणाली, आणखी उशीर केला असता तर चालणं गेलं असतं. इंजेक्शनं सुरू झाली. आधी रोज, मग आठवड्याला.

आणि एके दिवशी सकाळी आप्पा पूजेवरून उठून स्वयंपाकघराच्या दारात आले. "गेल्या गं," ते म्हणाले.

"मुंग्या? हाताच्या? बरं झालं!" मी पोळपाट सोडून उठले.

"तुला बरं झालं," ते म्हणाले. "माजा हात मुका झाला. इतकी वर्सं कुणीतरी सोबतीला हुतं."

त्यानंतर ते माझ्याशी बोलेनासे झाले. उरलेली इंजेक्शनं घेणार नाही म्हणाले. अव्वांना तेवढंच पुरे होतं. "हिनं सुया टोचून टोचून देव घालवला," असं त्या माझ्यासमोर फोनवर नणंदेला सांगायच्या. रुद्रेश म्हणाला, "चांगलं चाललं होतं. तुला कुणी सांगितलं होतं नसत्या भानगडीत पडायला?" कुणी सांगितलं होतं! मला सगळ्यांना धरून त्या पूजेच्या पाटासमोर उभं करावं आणि रिकाम्या हाताची गोष्ट सांगावी असं रोज वाटायचं. पण मी शब्द दिला होता. मी भांडी आपटायचे, तेवढंच माझ्या हातात होतं. ज्या माणसाचे पाय मी वाचवले तो माणूस माझ्या हातून पाणीसुद्धा घेत नव्हता.

दिवाळीच्या आधी गौरीशंकर काका एका बाईला घेऊन आले. कडूबाई, ईट गावच्या. शेतकरीण, हात राबून काळे पडलेले, आणि चालताना भिंतीला धरत होत्या. मी नेहमीप्रमाणे चहा ठेवला आणि नेहमीप्रमाणे कान बाहेर ठेवले.

"हातातलं खुरपं कवा गळून पडतं त्ये कळत न्हाय," कडूबाई सांगत होत्या. "हातापायाला सारख्या मुंग्या. काकांनी सांगितलं, तुमी हात ठिवला की गुण येतो."

"ठिवा आप्पा हात," काका म्हणाले. "लांबनं आल्यात."

आता हे हात ठेवणार, ही बाई समाधानानं घरी जाणार आणि वर्षभरानं अंथरुणाला खिळणार. माझ्यानं राहवेना. शब्द गेला खड्ड्यात, असं म्हणून मी चहाचे पेले ताटात घेऊन बाहेर आले.

आप्पांचा हात कडूबाईंच्या डोक्यापर्यंत गेला होता. तो तिथंच थांबला. मग त्यांनी तो मागं घेतला आणि विचारलं, "बाई, चप्पल ऱ्हाती का पायात?"

कडूबाई गोंधळल्या. "न्हाय वो आप्पा. कवा निगती समजत बी न्हाय. लेक हसतो मला."

"मग माज्याकडं काय येताव?" आप्पा एकदम चिडून बोलले. "दवाखान्यात जावा. रगत तपासून घ्या. मला बी तसंच हुतं."

"आप्पा, तुमची गोष्ट येगळी—" काका म्हणाले.

"काय येगळी? श्रावणात माज्या हातातनं लिंग पडलं, गौरीशंकर. हात रिकामा हुता आन म्या डोळे मिटून बसलो हुतो. मुंग्या येत हुत्या म्हणून मला वाटलं, हाय. हिनं सांगितलं तवा कळलं." त्यांनी माझ्याकडे बोट केलं, पण बघितलं नाही. "आज सकाळी लिंग हातावर ठिवलं तर वजन लागलं. एवढंसं हाय, पर वजन हाय त्याला. किती वर्सांनी कळलं. मग म्या इतके दिस बघत कुणाकडं बसलो हुतो? माज्याच हाताकडं!"

गौरीशंकर काकांना अचानक दुकान आठवलं आणि ते चहा न घेता उठले. आमच्या घरातून चहा न घेता गेलेले ते पहिलेच. कडूबाई मात्र बसून राहिल्या, पदरानं डोळे पुसत. आता आप्पांनी त्यांच्या डोक्यावर हात ठेवला, पण उजवा.

"शिवरंजनी," ते म्हणाले. कितीतरी दिवसांनी माझं नाव घेतलं त्यांनी. "त्या डॉक्टरबाईंचा पत्ता लिवून दे ह्येंना. आन माजं ऱ्हायलेलं विंजेक्शन कवा हाय, त्ये बी बघ."

"बघते," मी म्हणाले. यापेक्षा जास्त बोलले असते तर रडले असते. ताट त्यांच्यापुढं धरलं. त्यांनी डाव्या हातानं पेला उचलला आणि लगेच खाली टेकवला, थोडा चहा सांडलाही.

"काय गं ह्ये! किती गरम! माणूस भाजून मरंल की. इतकी शिकल्याली तू, तुला कळत न्हाय?"

इतक्या वर्षांत त्यांच्या बोलण्याचा मला पहिल्यांदाच राग आला नाही. मी बशी आणायला आत गेले. दाराआड उभ्या असलेल्या अव्वांनी ती आधीच काढून, पदरानं पुसून ठेवली होती.