लेम्पी हापालाचा दुसरा गिअर

लेम्पी हापालाची गाडी दुसऱ्या गिअरमध्ये पडताना जो आवाज करायची, त्याला गावातली कुत्रीसुद्धा सरावली होती. रोज सकाळी साडेआठला ती पोस्टात जायला निघायची, कोपऱ्यावर वळायची, आणि मग कर्रर्र. लोक कॉफीचा कप हातात घेऊन खिडकीतून बघायचे आणि म्हणायचे, निघाली म्हातारी.

म्हातारी चौऱ्याहत्तर वर्षांची. तिने एकतीस वर्षं शाळेची बस चालवली होती, तीही हाताने गिअर टाकायची, जानेवारीत, कंबरभर बर्फात. मागच्या बाकावर मारामारी करणाऱ्या पोरांना ती आरशातून नुसती बघायची. त्या पोरांपैकी दोघे आज शेरीफच्या पोलीस खात्यात आहेत आणि एक त्यांच्याच कोठडीत. तिघेही तिला अजून वचकून असतात. अशा बाईच्या गाडीने भर रस्त्यात दात खावेत ही लाजेची गोष्ट होती, आणि लेम्पीला लाज वाटली की ती शिव्या देते. पोस्टात जाईपर्यंत ती फिनिश भाषेत देवाला, सैतानाला आणि गाडीला एकाच दमात फैलावर घ्यायची.

ऑगस्टमध्ये तिचा मुलगा अर्विड ग्रीन बे शहरातून आला. अर्विड विमा विकतो. विमा विकणाऱ्या माणसाला प्रत्येक गोष्टीत अपघातच दिसतो. तो एकदाच तिच्या शेजारी बसला, कर्रर्र ऐकलं आणि घरी येईपर्यंत तिच्या डाव्या पायाकडे बघत राहिला.

"आई," तो स्वयंपाकघरात म्हणाला, "हे गाडीचं नाहीये. तुझ्या पायाचं आहे. क्लच पूर्ण दाबला जात नाहीये तुझ्याकडून."

"माझा पाय तुझ्या डोक्यापेक्षा बरा चालतो."

"ज्येष्ठांसाठी व्हॅन असते. मी फॉर्म आणलाय. दोन दिवस आधी फोन करायचा, मंगळवारी आणि शुक्रवारी येते."

"म्हणजे मला बुधवारी काही झालं, तर शुक्रवारपर्यंत कळ काढायची."

शेवटी तह झाला. ऑक्टोबरच्या दुसऱ्या रविवारी अर्विड परत येणार. घरापासून चर्चपर्यंत, म्हणजे तो अंगावर येणारा चढ धरून, लेम्पीने गाडी न्यायची. एकदा जरी कर्र झालं, तर किल्ली अर्विडच्या खिशात. लेम्पीने तोऱ्यात हात पुढे केला आणि तह पक्का केला.

पण ती घाबरली होती. हे तिने कोणाला सांगितलं नाही. भांडी घासताना ती डावा गुडघा दाबून बघायची. दुखायचा थोडा. पण चौऱ्याहत्तराव्या वर्षी न दुखणारा गुडघा लाकडाचाच असतो. तरी तिला वाटायचं, पोरगं खरं बोलत असेल तर? अकरा मैलांत दुकान नाही, गावाबाहेर पडलं की चार मैलांत माणूस नाही, बर्फ पडला की रस्ता आहे का तेही कळत नाही. अशा जागी गाडी गेली की माणूस खुर्चीत बसतो, आणि खुर्चीत बसलेल्या माणसांचं पुढे काय होतं ते तिने पाहिलं होतं.

आता तिच्या नवऱ्याबद्दल सांगायला हवं. ओन्नी हापाला चार वर्षांपूर्वी गेला. आसपासच्या वीस मैलांतला कुठलाही गिअरबॉक्स त्याने उघडला नाही असा नव्हता. मागे त्याने खिळ्यांचे अकरा डबे, दोऱ्यांची एक ट्रंक आणि फळ्याच्या फळ्या भरून अर्धवट बाटल्या ठेवल्या. त्या फिनिश वस्तीतल्या लोकांची एक रीत आहे. मेलेल्याचं सामान आधी संपवायचं, मग नवीन आणायचं. वाया घालवणं हे पापांच्या यादीत व्यभिचाराच्या दोन ओळी वर येतं. ओन्नीच्या दाढीच्या साबणाने लेम्पीने दोन वर्षं हात धुतले. त्याचे लोकरीचे पायमोजे अजून तीच घालते.

दोन वर्षांपूर्वी गिअरबॉक्सचं तेल बदलायची वेळ आली तेव्हाही तिने हेच केलं. फळीवर एक मोठा डबा होता, त्यावर कागदी पट्टी, पट्टीवर ओन्नीचं अक्षर: गिअर ऑइल. चांगलं आहे. नवऱ्याने चांगलं म्हटलं म्हणजे चांगलं. अर्धा डबा गाडीत गेला, अर्धा फळीवर परत.

ठरलेल्या रविवारच्या आदल्या दिवशी, शनिवारी सकाळी, लेम्पीने ठरवलं की पुन्हा एकदा तेल बदलून बघू. जुनं तेल काळं पडलं असेल, डब्यातलं उरलेलं घातलं तर गिअरला जरा बरं वाटेल. गॅरेजमध्ये ओन्नीने खणलेला खड्डा आहे. गाडी वर उभी करायची आणि आपण खाली उतरायचं. तेल गरम होऊन पातळ व्हावं म्हणून ती आधी पोस्टापर्यंत जाऊन आली. मग डबा घेऊन खाली उतरली.

आधी वरचा बोल्ट, जिथून तेल भरतात तो. तो हलतो हे बघायचं आणि मगच खालचा खोलायचा. घाईघाईत लोक आधी तेल सांडून मोकळे होतात, मग वरचा बोल्ट गंजलेला निघतो, आणि गाडी तिथल्या तिथे देवाघरी जाते. ओन्नीने हे ज्ञान तिला लग्नाच्या पहिल्या वर्षी दिलं होतं, दुसरं फारसं काही दिलं नव्हतं. वरचा बोल्ट निघाला. खालचा निघाला. तेल परातीत पडलं, आणि विजेरीच्या उजेडात त्यात सोन्यासारखी चमक दिसली.

सोनं कसलं, पितळ होतं ते. गिअर बसण्याआधी आत एक पितळी कडी गिअरला घासते, दोघांचा वेग जुळवते, मग दात दातात बसतात. ती कडीच झिजत होती.

लेम्पीने डबा उचलला. आत किती तेल उरलंय ते बघायला तिने तो तिरका करून फिरवला, आणि मागच्या बाजूला दुसरी पट्टी दिसली. अक्षर तेच.

ट्रकच्या मागच्या अ‍ॅक्सलचं. लेम्पीच्या गाडीत घालायचं नाही. लेम्पी, हे वाच.

ती खड्ड्यात उभीच राहिली. आधी तिला भयंकर राग आला. एवढंच होतं तर पुढच्या बाजूला लिहायला काय झालं होतं त्या मेल्याला? मग तिला रडू आलं, कारण तिचा नवरा जाताना तिला ओळखून गेला होता. तिने नाक बाहीला पुसलं आणि बाहीचं तेल नाकाला लागलं.

अ‍ॅक्सलच्या, म्हणजे चाकांच्या आसाच्या, तेलावर पाच आकडा असतो. ते इतकं बुळबुळीत की पितळी कडीला पकडच मिळत नाही, ती नुसती घसरते, वर त्यातलं गंधक पितळ खातं. लेम्पीच्या गाडीला चार आकड्याचं लागतं. हे सगळं तिला पाठ होतं. फक्त तिने डबा फिरवला नव्हता.

गाडी आता कोरडी होती. दुकान अकरा मैलांवर आणि शनिवारी बाराला बंद. घड्याळात पावणेअकरा. ती तशीच, तेलकट अंगाने, शेजारच्या हान्नेस इलितालोंच्या दारात गेली. हान्नेस म्हणजे चर्चचे पाद्री. वय सेहेचाळीस, गाडी आपोआप गिअर टाकणारी, म्हणून लेम्पीच्या लेखी अर्धवट माणूस.

"पाद्रीबुवा, गाडी काढा."

त्यांनी काढली. मैलभर गेल्यावर त्यांनी काच खाली केली. "लेम्पीबाई, राग मानू नका, पण हा वास..."

"गंधक आहे."

"गंधकाचा वास मी आजवर फक्त प्रवचनात सांगत आलो."

"मग आता नीट हुंगून घ्या. उद्या जरा अधिकाराने बोलता येईल."

दुकानात डेल होता. पन्नाशीचा, पोट काउंटरवर ठेवून बोलणारा. त्याने पाचवाल्या बाटल्या पुढे केल्या. "काकू, हे न्या. पाच म्हणजे चारच्या वरचं. सगळे हेच नेतात."

"डेल, तुला पाचवीत दोनदा बसवलं होतं. म्हणून तू चौथीतल्या पोरांपेक्षा हुशार झालास का?"

डेलने मागच्या खोलीतून चारच्या तीन बाटल्या आणल्या. दुकानात तेवढ्याच होत्या. गाडीला अडीच लागतात. लेम्पीने यावेळी प्रत्येक बाटली चारी बाजूंनी वाचली, अगदी कुठल्या कारखान्यात भरली तेसुद्धा.

परत येईपर्यंत थंडी वाढली होती आणि तेल नळीतून उतरेना. शनिवार होता म्हणून सौनाची, म्हणजे वाफेच्या न्हाणीघराची, भट्टी पेटवलेलीच होती. लेम्पीने बाटल्या आत खालच्या बाकावर तापायला ठेवल्या, आणि हात धुवायला घरात गेली. तेवढ्यात हान्नेस टॉवेल घेऊन आले. शनिवारी ते तिच्याकडेच सौना घेतात, आणि आज तर गाडी काढल्याचा हक्क होता. चष्मा दाराबाहेर, आत वाफ. त्या लोकांना बाटलीतला डांबराचा पातळ साबण म्हणजे जीव की प्राण. काळसर, उग्र, रानातल्या धुरासारखा वास आला की ते डोळे मिटून अंगाला चोळतात. पाद्रीबुवांनी बाटली उघडली, वास घेतला आणि डोकं, मान, पाठ, सगळं भक्तिभावाने चोळून काढलं. ते धुतलं जाईना, तेव्हा लेम्पी परत येताच बाटली हातात घेऊन सौनाच्या दारात आले.

"लेम्पीबाई, याला फेस कसा येत नाही?"

लेम्पीने आधी बाटली बघितली, मग पाद्री. बाटली अर्धी होती. मेणबत्तीसारखा चमकणारा तो माणूस तिला मारावासा वाटला, पण टॉवेलमधल्या पाद्रीला कुठे मारायचं हा प्रश्न होता. "चांगला मुरू द्या," ती म्हणाली आणि बाटल्या घेऊन गॅरेजात पळाली.

नळी वरून सोडली, नसराळं लावलं आणि ओतत राहिली. पहिली बाटली. दुसरी. मग ती अर्धी, उलटी धरून, शेवटचा थेंब पडेपर्यंत. भोकातून तेल बाहेर यायला हवं होतं. आलं नाही. तिने खड्ड्यात उतरून भोकात बोट घातलं आणि वाकवलं. पेराच्या टोकाला तेल लागलं, जेमतेम. तिने बोल्ट घट्ट केला. यापुढे तिच्या हातात काही नव्हतं.

रविवारी अर्विड चकचकीत बूट घालून आला आणि शेजारी बसला. फॉर्म त्याच्या कोटाच्या खिशातून डोकावत होता. लेम्पीने पहिला गिअर टाकला. कोपरा आला. तिने क्लच दाबला, दांडी मागे ओढली, आणि दुसरा गिअर बसला. आवाज नाही. अर्विडने मान वळवली. चढाच्या पायथ्याशी ती मुद्दाम तिसऱ्यात गेली आणि पुन्हा दुसऱ्यात आली. आवाज नाही. अर्ध्या चढावर एका हरणाने रस्ता अडवला. हरणालाही विमा नव्हता, तरी ते निवांत उभं होतं. ती थांबली, पहिल्यापासून सुरू केली, दुसरा टाकला. काही नाही. बसच्या एकतीस वर्षांतसुद्धा तिला इतकं बरं वाटलं नव्हतं.

चर्चसमोर तिने गाडी बंद केली. अर्विडने हात पुढे करून किल्ली काढून घेतली.

"कर्र झालं नाही," लेम्पी म्हणाली.

"नाही झालं. पण दोन वर्षं होत होतं. मला कारण कळल्याशिवाय किल्ली मिळणार नाही."

लेम्पीला सोपी वाट दिसत होती. तुझ्या बापाच्या डब्यातलं चुकीचं तेल होतं, एवढं म्हटलं की झालं. खोटंही नव्हतं. पण बापाचा एक जुना पाना अर्विडने आठवण म्हणून ऑफिसच्या टेबलावर ठेवला होता, आणि ओन्नीने तर दोन्ही बाजूंना लिहून ठेवलं होतं. आणि खरं सांगितलं, तर लेबल न वाचणाऱ्या म्हातारीला गाडी कोण देतं? खिशातला तो फॉर्म तिने स्वतःच्या हाताने भरल्यासारखं झालं असतं.

तिने खरं सांगितलं. डबा, पुढची पट्टी, मागची पट्टी, त्यावरचं अक्षर, सगळं.

अर्विड तिच्याकडे वळला. "लेम्पी, हे वाच?" त्याने विचारलं. "बाबांनी असं लिहिलं होतं?"

"असंच."

त्याचे खांदे हलायला लागले. लेम्पीला वाटलं रडतोय, पण तो हसत होता, डोळ्यांत पाणी येईपर्यंत. "आई, मी तिसरीत असताना तू मला मांजराच्या खाण्याच्या डब्यातलं घालून सँडविच दिलं होतंस. आठवतंय?"

"तू खाल्लं होतंस."

"आठवडाभर खाल्लं. तेव्हा तू छत्तीस वर्षांची होतीस." त्याने डोळे पुसले. "म्हातारपण कसलं डोंबलाचं. तू आयुष्यात कधी लेबल वाचलेलंच नाहीस."

लेम्पी स्टिअरिंगवर दोन्ही हात ठेवून रडली. अर्विडने किल्ली तिच्या मांडीवर ठेवली आणि ती नाक पुसेपर्यंत थांबला.

"त्या आठवड्यात मांजराला काय घातलं होतंस?" त्याने विचारलं.

"ट्यूना," लेम्पी म्हणाली. "त्याने तुझ्यासारखी कुरकुर केली नाही."