मनूचा पासवर्ड

भुताखेतांच्या गोष्टी सांगणाऱ्यांची मी आयुष्यभर टर उडवत आलो. ऑफिसात कोणी असलं काही सुरू केलं की मी डबा उचलून सरळ दुसऱ्या टेबलावर जायचो. त्यामुळे हे वाचून कोणी माझी टर उडवली तर माझी काही तक्रार नाही... फक्त शेवटपर्यंत वाचा.

आम्ही मूळचे उमरेडचे, विणकरांच्या घरातले. आता नागपुरात महाल भागात राहतो, दुसऱ्या मजल्यावर, दोन खोल्या. बाहेरच्या खोलीत खिडकीशेजारी टेबल आणि त्यावर कॉम्प्युटर. तो माझ्या मुलीचा, मनूचा. रिटायर झाल्यावर मला त्यावर एका गेमचा नाद लागला. बस चालवायचा गेम, जुना, सीडीवरून टाकलेला. मला साधी स्कूटर कधी धड जमली नाही, पण तिथे मी पन्नास पॅसेंजर घेऊन घाट उतरायचो.

एकदा कुठल्याशा 'फ्री'च्या बटणावर क्लिक करून मी व्हायरस आणला आणि मनूचा कॉलेजचा अख्खा प्रोजेक्ट गेला. दोन दिवस ती बोलली नाही. तिसऱ्या दिवशी तिने मला वेगळं, बिनअधिकाराचं अकाउंट काढून दिलं आणि स्वतः अ‍ॅडमिनिस्ट्रेटर झाली. पण तो जुना गेम अ‍ॅडमिनिस्ट्रेटरच्या परवानगीशिवाय सुरूच व्हायचा नाही. क्लिक केलं की चौकट यायची – पासवर्ड टाका. मग मी हाक मारायचो, "ये वं मनू, बस सुटून राहिली."

ती यायची. माझ्या खांद्यावरून वाकायची आणि म्हणायची, "तिकडं पाहा, बाबा."

मी म्हणायचो, "मले सांगून दे ना एकदाचा. किती चकरा मारशील?"

"तुमचा काही भरोसा नाही. माही शपथ आहे, मी 'झालं' म्हणल्याशिवाय वळायचं नाही."

भुतांवर विश्वास नसलेला मी, पण पोरीची शपथ मोडायची हिंमत झाली नाही कधी. मी खिडकीबाहेर बघत बसायचो. मागे कळा वाजायच्या, ती "झालं" म्हणायची, आणि माझी बस निघायची.

दोन वर्षांपूर्वी तिला डेंगू झाला. धंतोलीत हॉस्पिटलात नऊ दिवस होती. चोवीस वर्षांची होती माझी मनू. त्या नऊ दिवसांबद्दल मला लिहिता येत नाही, माफ करा.

नंतर गल्लीतला कॉम्प्युटर दुरुस्त करणारा म्हणाला, "काका, पासवर्ड उडवून देतो, पाच मिनिटांचं काम आहे." मी नको म्हटलं. तिने लावलेलं कुलूप होतं ते, दुसऱ्या कोणी तोडलेलं मला चाललं नसतं. त्या चौकटीत अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून तिचं नाव येतं. रोज दुपारी मी गेमवर क्लिक करायचो, तेवढं नाव वाचायचो आणि बंद करायचो.

गेल्या मे महिन्यातली गोष्ट. दुपारचे चार वाजले असतील. माझी बायको शोभा बहिणीकडे उमरेडला गेली होती. दाराला आतून कडी. कूलरमधलं पाणी संपलं होतं म्हणून तो मी बंद केला होता, त्यामुळे घर चिडीचूप. मी क्लिक केलं, चौकट आली, आणि तोंडातून निघून गेलं – "ये वं मनू, बस सुटून राहिली."

बोललो आणि रडूच आलं. डोळे पुसायला म्हणून मी खिडकीकडे वळलो.

आणि मागे कळा वाजल्या.

माझे वडील घरात पाय ठेवायच्या आधीच नुसत्या खटक्यावरून ओळखायचे, मागावर आज कोण बसलंय – आई, काका की मी. प्रत्येकाचा हात वेगळा. तो कान माझ्याकडेही आला आहे. पाच-सहा कळा चटचट, मग जरासं थांबून एक, आणि शेवटी एंटर जोरात. हा मनूचा हात होता. यात माझी चूक होणं शक्य नाही.

आणि मी वळलो नाही.

घाबरून नाही हो... खरंच नाही. तिची शपथ होती. तिने अजून "झालं" म्हटलं नव्हतं. मी समोरच्या गच्चीवर वाळत घातलेल्या साडीकडे बघत बसलो, गालावरून पाणी वाहत होतं आणि मी वाट बघत होतो. मग बसच्या इंजिनाचा आवाज आला. गेम सुरू झाला होता. तरी थांबलो. शेवटी वळलो तेव्हा खुर्चीमागे कोणी नव्हतं. कडी आतून तशीच होती.

दुसऱ्या दिवशी दुरुस्तीवाल्याला बोलावलं. तासभर तपासून तो म्हणाला, पासवर्ड आहे तसाच आहे, कोणी काढला नाही, बदलला नाही. त्याने गेमवर क्लिक केलं. चौकट आली. "टाकल्याशिवाय उघडूच शकत नाही, काका," म्हणाला, आणि चहा न घेता गेला.

शोभा आल्यावर तिला सगळं सांगितलं. मला वाटलं, ती म्हणेल तुम्हाला भास झाला. ती म्हणाली, "काहून नाही पाह्यलं तुम्ही?"

"शपथ होती वं तिची."

"शपथ मोडली तर काय झालं असतं तिले? आता काय व्हायचं राह्यलं होतं?"

आठ दिवस ती माझ्याशी बोलली नाही. मायलेकी दोघींचा राग सारखाच.

मग मी रोज कीबोर्डवर डोळे लावून बसू लागलो. एक कळ हलली नाही. हे कसं झालं, का झालं, मला आजही सांगता येत नाही. आता शोभाच चार वाजता चहा आणते, दोन स्टूल ओढते आणि हाक तीच मारते – "ये वं मनू, बस सुटून राहिली."

मग आम्ही दोघंही खिडकीकडे तोंड करून बसतो. चहा संपतो, ऊन उतरतं. ती "झालं" म्हणेपर्यंत वळायचं नाही, असं आमचं ठरलं आहे.